अक्षताला नसलेला मामा

एडिटर आहे म्हणलं की समोरचा माणूस खुर्ची सरकवून जवळ येतो आणि हळूच विचारतो, "हिरॉईन बघितली का?" तुम्ही पण तेवढ्यासाठीच हे पान उघडलं असंल तर आधीच सांगून टाकतो. बघितली. मुंबईत एका सिरियलच्या एडिटिंगला असिस्टंट होतो, तवा सात महिने रोज दहा-दहा तास बघितली. तिला शिंका देताना बघितली, डायलॉग विसरून स्वतःच्या कपाळावर हात मारून घेताना बघितली, आणि ते सगळं कापून टाकलं. तिनं मला एकदा पण बघितलं न्हाय. ती शूटिंगच्या जागी, मी तिथनं दीड तासावर, बिनखिडकीच्या खोलीत. हिरॉईनचा विषय संपला. ज्यांना जायचं त्यांनी खुशाल मागच्या पानावर राशिभविष्याकडं जावं. जे राहतील त्यांना मी एका ट्रॅक्टरवाल्या मामाची गोष्ट सांगणार आहे.

आता मी धाराशिवात असतो. लग्नं, डोहाळजेवणं, गुरुजींचे निरोप समारंभ, गावरान गाण्यांचे अल्बम, लोकल चॅनलच्या बातम्या, येईल ते कापतो. या अंकाच्या संपादकांचा फोन आला, "तुमच्या कामाचे अनुभव लिहा." मी म्हणलं, "तुमच्या कामाचे अनुभव लिहा." हुबेहूब त्यांच्याच आवाजात, नाकातला सूर पण तसाच. मग म्हणाले, "शब्दमर्यादा पाळा." ही माझी जुनी खोड आहे. शाळेत हजेरीला चार पोरांचं 'हजर सर' मी एकटाच वेगवेगळ्या आवाजात म्हणायचो. पुढं ही खोड धंद्यात कामाला आली, आणि धंद्यातच अंगलट आली.

लोकांना वाटतं एडिटर म्हणजे कापणारा. शूटिंगवाला लग्नात आठ-नऊ तास कॅमेरा चालवतो, मी त्याचे दोन तास करतो, एवढंच. पण खरं काम कापायचं नसतंय, जोडायचं असतंय. आमच्या खाली एक किराणा दुकानदार आहेत. त्यांच्या तोंडावर वर्षानुवर्षं एकच भाव आहे, म्हणजे कुठलाच न्हाय. समजा त्यांचा तसला चेहरा दाखवला आणि त्याच्याआधी नातू पहिलं पाऊल टाकताना दाखवला, तर तुम्ही म्हणाल, बघा, आजोबांना आतनं किती भरून आलंय. तोच चेहरा, पण आधी डोळ्यादेखत सुटलेली एसटी दाखवली, तर म्हणाल, बिचाऱ्याची गाडी चुकली. दुकानदार तेच, चेहरा तोच. तुमचं मन आम्ही बनवतो. मोठा अधिकार आहे हा, आणि तो माझ्यासारख्याच्या हातात दिलाय.

माझ्या कॉम्प्युटरवर तीन फोल्डर कायमचे असतात, 'टाळ्या', 'हसणं' आणि 'रडणं'. कुठं कमी पडलं की त्यातनं काढून लावायचं. एकदा लोकल चॅनलसाठी एका पुढाऱ्याचं भाषण होतं. ऐन मे महिन्यातलं, कपाळावरनं घाम निथळतोय. समोर मोजून अकरा माणसं, त्यातली तीन झोपलेली. मी 'टाळ्या' फोल्डरमधनं गर्दी लावली. बातमी लागली, पुढारी खूश. दुसऱ्या दिवशी एका म्हाताऱ्याचा फोन. "पोरा, एवढ्या उन्हात समदी माणसं स्वेटर घालून का बसली रं?"

दुसऱ्या एका कामात निवृत्त होणाऱ्या हेडसरांचं भाषण वाऱ्यानं वाहून गेलं. माइकमधी नुसतं भुर्रर्र. सरांना परत बोलवायची लाज वाटली. मग त्यांच्या ओठांकडं बघत बघत सगळं भाषण मीच त्यांच्या आवाजात म्हणलं, मधला खोकला पण घातला. सरांनी घरी बसून फिल्म बघितली आणि मला फोन केला, "त्या दिवशी मी फार चांगलं बोललो रे." तिथंच मला माज चढला. वाटलं, आपण जोडू ते खरं.

आता मामा.

आमच्या जवळच्या तेर गावात शोभाकाकू म्हणून आहेत. माझ्या काकू न्हायत, पण त्यांना समोर बघितलं की माणूस आपोआप काकू म्हणतो आणि चप्पल बाहेर काढतो. त्यांच्या स्वातीचं लग्न फेब्रुवारीत झालं. फिल्म माझ्याकडं. काकू पाहुण्यांची यादी घेऊन आल्या. आमच्याकडं लग्नाच्या फिल्ममधी कोण दिसला न्हाय यावरनं वर्ष-वर्ष रुसवे चालतात, म्हणून अशी यादी लागती. चुलते, आत्या, व्याही, शेजारी, सगळे ओळीनं. पण सगळ्यात वर एक नाव लिहून पेनानं खोडलेलं, इतकं खोडलेलं की कागद फाटला होता.

मी विचारलं, "काकू, हे कोण?"

"कुणी न्हाय. माझा भाऊ."

"दाखवायचा न्हाय व्हय?"

"आला असता तर दाखवला असता. मुहूर्त अर्धा घंटा थांबवला त्याच्यासाठी. शेवटी पोरीच्या मागं मामा म्हणून शेजारच्याला उभं करावं लागलं. मला विचारू नको, तुझं काम कर."

मी माझं काम केलं. म्हणजे काय केलं, तर नऊ महिने काहीच केलं न्हाय. एडिटरकडं लग्नाची फिल्म मागायला माणूस पहिल्यांदा येतो तवा नवरानवरी सोबत असतात, दुसऱ्यांदा येतो तवा त्यांचं पोरगं सोबत असतंय, असं आमच्यात म्हणतात. डिसेंबर आला, काकूंचे फोन वाढले, तवा मी बसलो.

जेवणाचं शूटिंग मी बघतच न्हाय. आमच्या धंद्यात जेवणारी माणसं सरळ कापायची असतात. तोंड उघडं, गाल फुगलेला, दाढीला वरण. कुणालाच स्वतःला तसं बघायचं नसतंय. पण त्या दिवशी चुकून शेवटच्या पंगतीचा तुकडा चालू राहिला. मंडप रिकामा, मागं एकजण सतरंजी गुंडाळतोय, आणि टोकाला एक माणूस एकटाच मान खाली घालून जेवतोय. अंगात मळका पांढरा शर्ट, केसांत उसाची कुसळं. वाढपी आला, तसं जेवणाऱ्यानं डावा हात वर करून नको म्हणलं आणि मान वर केली. मी बघतच राहिलो. शोभाकाकूंचं नाक. तेच कपाळ. काकूंना मिशा लावल्या तर असंच दिसंल.

मी तेवढ्याचा फोटो काढून पुण्याला सासरी स्वातीला पाठवला. दोन मिनिटांत फोन.

"अय्यो! हा तर दत्तूमामा! आला होता व्हय मामा? आईनं भाऊबीजेला पण बोलावलं न्हाय त्याला. अक्षताला होता का?"

"अक्षताला कशाला पाहिजे?"

"अरे, अक्षताला असला तर आई सगळं विसरंल, स्वतः फोन करंल. नुसता जेवायला येऊन गेला म्हणलं तर आणखीनच भडकंल. म्हणंल, भाची लांब राहिली, बुंदीसाठी आला. बघ ना, अक्षताला दिसतोय का?"

मी म्हणायला पाहिजे होतं, बघतो. मी म्हणलं, "आहे."

बोललो तर करणं आलं. मामाचा तो शॉट घेतला. पत्रावळी, वाढपी, सतरंजी सगळं कापून नुसता चेहरा आणि वर गेलेला हात ठेवला. पण हात डावा. अक्षता काय कुणी डाव्या हातानं टाकतंय व्हय? मग शॉट आरशासारखा उलटा केला. डाव्याचा उजवा झाला. 'शुभमंगल सावधान' झालं, हजार हात वर गेले, आणि त्यांच्या मधोमध दत्तूमामाचा हात. वरनं दुसऱ्या एका लग्नातल्या चार अक्षता त्याच्यावर पाडल्या. बघून मलाच गहिवरून आलं. जेवण नको म्हणणारा माणूस भाचीला आशीर्वाद देत होता.

फिल्म तेरला गेली. दोन दिवसांनी स्वातीचा फोन, रडत रडत. म्हणलं गेलं काम! पण ती आनंदानं रडत होती. आईनं तो शॉट पाच वेळा मागं घेऊन बघितला. मग मामाला फोन लावला आणि म्हणाली, दादा, माझं चुकलं, तू अक्षताला होतास आणि मी तुला दहा महिने शिव्या घातल्या, येळवशीला जेवायला शेतात ये. मामा फक्त "येतो" म्हणाला.

येळवस म्हणजे वेळ अमावस्या. आमच्याकडं त्या दिवशी बाजार बंद, ऑफिसं ओस, सगळा जिल्हा रानात जेवायला. ज्याचं शेत न्हाय त्याला दहा शेतांतनं बोलावणं. त्या दिवशी बोलावून जो आला न्हाय, तो तुटला, आणि जो आला तो जोडला.

स्वाती सांगत होती आणि मी मनात पुढचा सीन जोडत होतो. मामा सरळ माणूस असला तर जेवायला बसल्या बसल्या म्हणणार, अगं शोभे, मी कुठं होतो अक्षताला? मग काकूंना वाटणार, सगळ्यांनी मिळून मला येडं बनवलं. दहा महिन्यांचं तुटणं एका हातानं जोडलं होतं, ते जन्मभरासाठी तुटणार, आणि कारण मी. येळवस परवावर होती. मी गाडीला किक मारली आणि मामाला गाठायला निघालो.

मामा साखर कारखान्यावर उसाच्या रांगेत आहे, एवढं स्वातीकडनं कळलं होतं. तिथं शे-दीडशे ट्रॅक्टर, प्रत्येकावर वेगळं गाणं, सगळी एकदम. विचारत विचारत गेलो, तर मामा ट्रॉलीच्या सावलीला भाकरी खात बसलेला. मी नाव सांगितलं, काम सांगितलं. मामानं भाकरी खाली ठेवली.

"म्हंजी त्यो शिनिमा तू केलास व्हय?"

"व्हय मामा."

"दाखव."

मोबाइलवर दाखवला. मामानं एकदा बघितला, दुसऱ्यांदा बघितला, मग स्वतःच्या छातीकडं बघितलं.

"माझा खिसा उजवीकडं कसा गेला रं?"

मुंबईतल्या चॅनलवाल्यांनी असली चूक कधी धरली नसती. मी सगळं कबूल केलं. मामा हसला न्हाय, चिडला पण न्हाय. शेजारच्या ट्रॅक्टरवरचं गाणं बंद करायला लावलं आणि म्हणाला, "त्या दिवशी नंबर लागला अन् माझ्या ट्रॉलीचं टायर बसलं. मागं ही एवढी रांग. लोकांचा रस्ता अडवून लगीन करता येतंय व्हय? टायर बदलून, ऊस खाली करून गेलो, तर मंडप मोकळा. शोभी आत पोरीची पाठवणी करत व्हती. म्या असा कुसळानं भरलेला. तसल्या अवतारात कुठं जायचं पाहुण्यांत? दोन घास खाल्ले अन् परत आलो. मागनं फोन केला दोन बारी, तिनं उचलला न्हाय. मग मला बी राग आला."

"मामा, एक काम करा. येळवशीला गेल्यावर एवढंच म्हणा, व्हय, मागं उभा होतो. संपला विषय."

"म्या खोटं बोलत न्हाय."

"मग तुम्ही बोलूच नका. तुमच्या आवाजात मी आत्ताच काकूंना फोन करून सांगतो." आणि मी मामाच्या आवाजात सुरू झालो, "शोभे, म्या मागं उबा व्हतो गं, गर्दी लई व्हती..."

आजूबाजूचे पाच-सहा ड्रायव्हर खो खो हसायला लागले. एकजण म्हणाला, "दत्तूभाऊ, ह्याला ठिवा इथं, तुमी जावा घरी. रांगेत तुमच्या आवाजात ह्योच हाळ्या मारंल." मामाला पण हसू आलं, पण त्यानं ते मिशीतच ठेवलं.

"लई हुशार हायेस. परवा तू पण चल माझ्यासंगं. अन् ते समदं घेऊन ये."

"समदं म्हणजे?"

"जे कापलंस ते."

येळवशीला मी लॅपटॉप पाठीला लावून मामाच्या मागं मोटारसायकलवर बसलो. दहा गावच्या देवांना नवस बोललो, त्यातल्या येरमाळ्याच्या देवीला तर दोन. काकूंच्या शेतात कडब्याची कोप, म्हणजे खोपी, तिच्यात पाच दगड मांडून पांडवांची पूजा झालेली, ज्वारीच्या कडेला वीस-पंचवीस माणसं. शेंगा-भाज्यांच्या भज्जीचं पातेलं, बाजरीचे उकडलेले उंडे, ताकातल्या आंबिलीचा डेरा. मामा दिसल्यावर काकू पदर सावरत बांधापर्यंत पळत आल्या.

"आलास दादा!"

हात धरून नेलं, बसवलं, स्वतः वाढलं. मामानं ताटाला हात लावला न्हाय.

"जेव की."

"शोभे, आधी ऐक. म्या अक्षताला नव्हतो."

काकूंच्या हातातली पळी तशीच राहिली. मी ज्वारीत पळून जायला वाट शोधत होतो, पण मामानं माझ्या दंडाला धरलं होतं.

"ह्यानं ते जोडलंय. म्या येळंवर आलो न्हाय. टायर बसलं. उशिरा आलो."

काकूंचा चेहरा उतरत गेला. "म्हंजी मी जे बघितलं ते खोटं?" त्या एवढ्या हळू बोलल्या की मला त्यांनी ओरडलेलं परवडलं असतं. "माझी फजिती केली तुमी समद्यांनी. स्वातीला बी म्हाईत व्हतं?"

"न्हाय काकू," मी म्हणलं. माझा स्वतःचा आवाज पहिल्यांदाच मला अनोळखी वाटला. "तिला पण मीच खोटं सांगितलं. एकट्या माझं काम आहे."

मामा म्हणाला, "दाखव तिला."

मी लॅपटॉप उघडला. न कापलेला, न उलटा केलेला शॉट. रिकामा मंडप. सतरंजी गुंडाळणारा माणूस. टोकाला मामा, मान खाली घालून जेवतोय. पुढं तो वाढपी, मग डावा हात. दीड मिनिटाचा तुकडा. काकू उन्हाला पदर आडवा धरून बघत होत्या. मी त्यांच्याकडं बघत होतो. स्वाती म्हणाली होती, नुसता जेवायला आलेला दिसला तर भडकंल. मी पाय चपलेत सरकवून ठेवले.

"हे कवाचं?"

"लग्नातलंच काकू. शेवटची पंगत."

"माझ्या मंडपातलं?"

"व्हय."

"म्हंजी हा जेवला व्हता?"

मामा म्हणाला, "जेवलो व्हतो की. वरणभात, वांग्याची भाजी. बुंदी संपली व्हती."

काकूंनी पळी पातेल्यात ठेवली आणि मटकन खाली बसल्या. "परत लाव," म्हणाल्या. मी परत लावला. तिसऱ्यांदा बघताना त्या रडत होत्या आणि हसत पण होत्या. "अक्षताचं मरू दे रं दादा. अक्षता काय, समद्या गावानं टाकल्या. पर माझ्या पोरीच्या लग्नात गाव जेवलं अन् माझा भाऊ तेवढा जेवला न्हाय, हे मला दहा महिने खातंय. पातेल्यांनी अन्न उरलं व्हतं त्या दिवशी. ते बघून बघून मी रडले." मग डोळे पुसले आणि मामाच्या ताटात भज्जी वाढली, उंडा ठेवला, वर दुसरा उंडा ठेवला. मामानं पहिला घास घेतला. माझ्या छातीवरनं भरलेली ट्रॉली उतरली. मी म्हणलं, सुटलो. मीपण ताटाकडं हात नेला.

"तू थांब," काकू म्हणाल्या.

मग जे सुरू झालं त्याची नक्कल मला अजून पूर्ण जमलेली न्हाय. तेवढा दम माझ्यात न्हाय.

"मुडद्या, तुझ्या त्या दोन तासाच्या शिनिमात घोडा दाखवायला जागा व्हती! नवरदेवाचे बूट चार बारी दाखवलेस. वरनं कॅमेरा फिरवून पाण्याचा टँकर दाखवलास. व्याह्याचा ड्रायव्हर दाखवलास, त्येचं नाव तर माझ्या यादीत बी नव्हतं. अन् माझा भाऊ जेवताना दाखवायला तुझं काय झडत व्हतं? वंगाळ दिसतंय व्हय जेवणारं माणूस? तू काय वारा खाऊन ऱ्हातोस? खोट्या अक्षता पाडायला तुला येळ मिळाला, अन् खरं व्हतं ते कापलंस. दहा महिने माझा भाऊ तुझ्या त्या डब्यात जेवत बसला व्हता, अन् इथं मला घास उतरत नव्हता. एवढ्या लोकांचे आवाज काढतोस, तर स्वतःच्या तोंडानं मला एक फोन करता आला न्हाय?"